गोमंतकाचा कौल

एखाद्या देशावरील परकी सत्ता गेली म्हणजे तिचा ध्वज उतरविण्यास एक क्षण पुरतो. परंतु तिनें केलेले कायदे, तिच्या कचेरींत नोंदविलेलीं लग्नें व खरेदीखतें, तिनें दिलेले दाखले, आणि 'हे आमचे प्रजाजन' म्हणून लोकांवर मारलेला शिक्का, या सर्वांचें पुढें काय करावयाचें, हें ठरविण्यास पुष्कळदां एक पिढी लागते. उत्तर आफ्रिकेंतील अल्जीरियासारख्या देशांना हा अनुभव विसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत आला. पण तो समजून घेण्यासाठीं रत्नागिरीच्या माणसाला समुद्र ओलांडून जाण्याचें कारण नाहीं. ज्या गोमंतकांत आपल्यापैकीं कित्येकांचीं कुलदैवतें आहेत, जेथें आपल्या लेकी दिलेल्या आहेत, त्या आपल्या शेजाऱ्याच्या इतिहासांत या साऱ्या प्रश्नांचीं उत्तरें सांपडतात. १९८१ सालीं सिंधुदुर्ग जिल्हा वेगळा होईपर्यंत गोव्याची उत्तर सीमा आपल्याच रत्नागिरी जिल्ह्याला लागलेली होती. तेरेखोल नदी ही ढोबळ मानानें सरहद्द. पण नदीच्या अलीकडच्या तीरावरील तेरेखोलचा किल्ला १७४६ सालीं पोर्तुगीजांनीं सावंतवाडीकरांपासून घेतला, तो अखेरपर्यंत त्यांच्याकडेच राहिला. एकच बोली, तेच दशावतार, तेच देव. आणि मध्यें दोन निराळ्या राज्यघटना, अशी ही स्थिति होती.

घटनात्मक इतिहास म्हटला कीं कलमें, उपकलमें आणि तारखा यांची रुक्ष जंत्री डोळ्यांपुढें उभी राहते. आजच्या भाषणांत एकच प्रश्न धरून चालावयाचें मीं योजिलें आहे. गोव्याला आजवर निरनिराळीं नांवें व निरनिराळे दर्जे मिळाले. ते दर्जे ठरवितांना गोव्याच्या लोकांना कोणीं, केव्हां, आणि कितपत विचारलें?

आरंभ पोर्तुगालपासून करूं. १५१० सालीं आल्फोन्सु द आल्बुकेर्क यानें गोवा बेट जिंकलें. तिसवाडी, बारदेश व साष्टी या तालुक्यांना जुन्या काबिजादी म्हणतात. पेडणें, डिचोली, सत्तरी, फोंडें इत्यादि प्रदेश अठराव्या शतकाच्या उत्तरार्धांत पोर्तुगीजांकडे गेले. त्यांस नव्या काबिजादी असें नांव पडलें. हा भेद पुढें कामीं येणार असल्यानें ध्यानांत ठेवावा. जुन्या काबिजादींत परकी सत्तेचीं तीन शतकें मुरलेलीं होतीं. नव्या काबिजादींत हिंदूंची वस्ती बहुसंख्य होती आणि त्यांचे जुने संबंध घांटावरील व कोंकणांतील मुलुखाशीं जोडलेले होते.

१८२० सालीं पोर्तुगालमध्यें उदारमतवादी क्रांति झाली आणि १८२२ सालीं त्या देशाला पहिली राज्यघटना मिळाली. तिच्या अनुरोधानें गोव्यांतून लिस्बनच्या लोकसभेवर तीन प्रतिनिधि निवडून गेले; त्यांतील बेर्नार्दु पेरिश द सिल्व्ह व कोन्स्तांसियु रोक द कोस्त हे दोघे मूळचे गोमंतकीय होते. ही गोष्ट किती विलक्षण होती हें लक्षांत येण्यासाठीं इतकेंच सांगतों कीं, दादाभाई नौरोजी ब्रिटिश पार्लमेंटांत गेले ते १८९२ सालीं, आणि तेहि इंग्लंडांतील मतदारांच्या मतांवर. म्हणजे कागदोपत्रीं गोवा ब्रिटिश हिंदुस्थानच्या फार पुढें होता. परंतु कागद आणि व्यवहार यांतील अंतर लवकरच दिसून आलें. १८३५ च्या जानेवारींत हेच पेरिश द सिल्व्ह गोव्याचे मुख्य अधिकारी म्हणून आले. एका गोमंतकीयानें आपल्यावर सत्ता चालवावी हें तेथील गोऱ्या लष्करी अधिकाऱ्यांना सोसलें नाहीं. तीन आठवडेहि पुरते झाले नाहींत, तोंच बंड होऊन त्यांना गोवा सोडावें लागलें. त्यानंतर पोर्तुगीज राजवट संपेपर्यंत त्या पदावर कोणीहि गोमंतकीय बसला नाहीं.

१९१० सालीं पोर्तुगालमध्यें राजेशाही जाऊन प्रजासत्ताक आलें. धर्मपीठ व राज्य यांची फारकत झाली, कायद्यापुढें सर्व धर्म समान ठरले, आणि गोव्यांतील हिंदूंना सरकारी नोकऱ्यांचीं दारें खऱ्या अर्थानें उघडलीं. गोव्यांतील मराठी शाळा, वाचनालयें व वृत्तपत्रें यांना याच काळांत बहर आला. पण हा मोकळेपणा फार दिवस टिकला नाहीं. १९२६ सालीं लष्करानें सत्ता घेतली, आणि तिच्या आश्रयानें आन्तोनियु सालाझार हे प्रथम अर्थमंत्री व १९३२ पासून पंतप्रधान झाले. १९३० च्या जुलैंत 'वसाहत कायदा' जाहीर झाला. समुद्रापलीकडील मुलूख ताब्यांत ठेवणें व तेथील रहिवाशांना 'सुसंस्कृत करणें' हें पोर्तुगीज राष्ट्राच्या स्वरूपांतच आहे, अशी भाषा त्यांत होती. शंभर वर्षें ज्यांना 'तुम्ही आमच्यासारखेच नागरिक' म्हणून सांगितलें, त्यांनाच आतां 'तुम्हांला आम्ही सुधारणार' असें सांगण्यांत आलें. या अपमानाविरुद्ध गोव्याच्या विधिमंडळांतच आवाज उठला. लुईश द मिनेझिश ब्रागांस यांनीं स्वयंनिर्णयाच्या हक्काचा पुरस्कार करणारा ठराव तेथें मांडला. सत्तेच्या घरांत बसून सत्तेला तिच्याच भाषेंत दिलेलें हें उत्तर गोमंतकाच्या घटनात्मक इतिहासांत मोलाचें मानलें जातें. १९३३ च्या नव्या पोर्तुगीज राज्यघटनेनें मात्र सालाझारशाही पक्की केली. सभा, भाषण व मुद्रण यांवर इतकीं बंधनें आलीं कीं, १८ जून १९४६ रोजीं डॉ. राममनोहर लोहिया यांनीं मडगांवांत सभेंत बोलावयास उभें राहणें हाच कायदेभंग ठरला.

भारत स्वतंत्र झाला. सावंतवाडी संस्थान १९४८ सालीं मुंबई प्रांतांत विलीन होऊन रत्नागिरी जिल्ह्याचा भाग झालें. फ्रेंचांनीं १९५४ सालीं पांडेचरीचा कारभार भारताच्या स्वाधीन केला. पोर्तुगालनें मात्र निराळीच वाट धरली. १९५१ सालीं आपल्या घटनेंत दुरुस्ती करून त्यानें 'वसाहत' हा शब्दच काढून टाकला व गोव्याला 'सागरापारचा प्रांत' असें नांव दिलें. युक्तिवाद साधा होता : आमच्याकडे वसाहतीच नाहींत, तेव्हां त्या सोडण्याचा प्रश्न येतोच कोठें? गोवा हा मिन्योसारखाच पोर्तुगालचा एक प्रांत. तो कोणाला देणें म्हणजे देशाचा लचका तोडून देणें. १९५५ च्या डिसेंबरांत पोर्तुगाल संयुक्त राष्ट्रसंघाचा सभासद झाला. स्वराज्य नसलेले प्रदेश तुमच्या ताब्यांत आहेत काय, या प्रश्नाला त्यानें 'नाहींत' असें उत्तर दिलें, तें याच जोरावर.

ही युक्ति पोर्तुगालनें शोधून काढलेली नव्हती. फ्रान्सनें १८३० पासून अल्जीरिया जिंकीत नेला, आणि १८४८ च्या फ्रेंच राज्यघटनेनें तो फ्रान्सचीच भूमि असल्याचें जाहीर करून त्याचे तीन जिल्हे पाडले. जिल्हे फ्रान्सचे, पण तेथील मुसलमान बहुसंख्य समाजाला फ्रेंच नागरिकाचे सारे हक्क शतकभर मिळाले नाहींत. घटनेंत एक शब्द घालून वस्तुस्थिति बदलत नाहीं, हें अल्जीरियांत आठ वर्षांच्या भीषण युद्धानंतर सिद्ध झालें. गोव्याच्या बाबतींत तें राष्ट्रसंघानें शब्दांनींच सिद्ध केलें. १५ डिसेंबर १९६० च्या ठरावांत पोर्तुगालच्या ताब्यांतील स्वराज्यहीन प्रदेशांची यादी देण्यांत आली. तींत अंगोला, मोझांबिक यांच्याबरोबर गोवा व त्याचे उपप्रदेश यांचें नांव स्पष्टपणें होतें.

येथें दादरा व नगरहवेली यांचा उल्लेख केल्याविना पुढें जातां येत नाहीं, कारण तेथें एक घटनात्मक चमत्कार घडला. १९५४ च्या जुलै-ऑगस्टांत स्वयंसेवकांनीं हे दोन चिमुकले प्रदेश पोर्तुगीजांपासून मुक्त केले. पण भारतानें ते लागलीच आपल्यांत घेतले नाहींत. पोर्तुगालनें आंतरराष्ट्रीय न्यायालयांत दावा लाविला होता, त्याचा निकाल एप्रिल १९६० मध्यें लागला. तोंपर्यंत, आणि नंतरहि वर्षभर, 'वरिष्ठ पंचायत' नांवाची संस्था तेथील कारभार पाहत होती. पुढें विलीनीकरणाचा करार करावयाचा, तर दोन्हीकडून सह्या करण्यास अधिकारी हवे. म्हणून के. जी. बदलानी या सनदी अधिकाऱ्याला एका दिवसापुरतें त्या प्रदेशाचें पंतप्रधान करण्यांत आलें, व त्यांनीं पंडित नेहरूंसमवेत करारावर सही केली! १९६१ च्या ऑगस्टांत दहाव्या घटनादुरुस्तीनें हा प्रदेश भारतांत समाविष्ट झाला. ऐकतांना गंमत वाटते खरी. पण त्यामागील भावना गंभीर होती. लोकांच्या वतीनें कोणी तरी 'होय' म्हटल्याशिवाय विलीनीकरण पुरें होत नाहीं, ही ती भावना.

गोव्यांत तसा अवसर मिळाला नाहीं. १९५५ च्या पंधरा ऑगस्टला निःशस्त्र सत्याग्रहींवर गोळीबार होऊन अनेक जण धारातीर्थीं पडले, तरी लिस्बनला पाझर फुटला नाहीं. अखेर १८ डिसेंबर १९६१ रोजीं भारतीय सैन्य गोव्यांत शिरलें आणि दुसऱ्या दिवशीं गव्हर्नर-जनरल व्हासालु ई सिल्व्ह यांनीं शरणागति पत्करली. सुरक्षा समितींत शस्त्रसंधीची व सैन्य मागें घेण्याची मागणी करणारा ठराव आला. त्याला सात मतें पडलीं, विरुद्ध चार. तीं चार मतें रशिया, सिलोन, लायबेरिया आणि संयुक्त अरब प्रजासत्ताक, म्हणजे इजिप्त, यांचीं होतीं. रशियाच्या नकाराधिकारानें ठराव पडला. नुकत्याच स्वतंत्र झालेल्या राष्ट्रांना गोव्याचा प्रश्न न सांगतां समजला होता.

आतां खरा कायद्याचा प्रश्न उभा राहिला. सैन्य एका दिवसांत येतें. कायदा तसा येत नाहीं. उद्यां सकाळीं पणजीच्या कोर्टांत कोणता कायदा चालावयाचा? लग्नें कशीं नोंदवावयाचीं? भारताच्या संसदेनें मार्च १९६२ मध्यें दोन गोष्टी केल्या. बाराव्या घटनादुरुस्तीनें गोवा, दमण व दीव हा केंद्रशासित प्रदेश २० डिसेंबर १९६१ पासून भारताचा भाग ठरला. दुसऱ्या एका प्रशासन-कायद्याच्या पांचव्या कलमानें असें सांगितलें कीं, पूर्वींचे कायदे योग्य अधिकाऱ्याकडून बदलले किंवा रद्द केले जाईपर्यंत चालू राहतील. याच सुमारास नागरिकत्वाचा हुकूम निघाला. ज्यांचा स्वतःचा, आईबापांचा किंवा आजाआजीचा जन्म २० डिसेंबर १९६१ पूर्वीं या प्रदेशांत झाला, ते सर्व भारताचे नागरिक झाले. ज्यांना दुसऱ्या देशाचेंच नागरिकत्व राखावयाचें होतें, त्यांनीं महिन्याभरांत तसें लेखी कळवावयाचें होतें.

या हुकुमांतून उद्भवलेला एक खटला सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. एका ख्रिस्ती धर्मगुरूनें पोर्तुगीज नागरिकत्व राखलें होतें. राहण्याची मुदत संपली तरी त्यानें परवाना घेतला नाहीं, म्हणून परकीयांविषयींच्या कायद्याखालीं त्याला शिक्षा झाली. त्याचा बचाव असा कीं, गोवा हा भारतानें युद्धांत व्यापलेला मुलूख असून जिनीव्हाच्या करारांप्रमाणें तेथील रहिवाशांना विशेष संरक्षण आहे. १९६९ सालीं न्यायालयानें तो नाकारला. लष्करी ताबा ही तात्पुरती अवस्था. गोव्याचें भारतांत सामिलीकरण झालें तेव्हांच ती संपली, असा निर्णय झाला. पुढें १९७४ च्या एप्रिलांत लिस्बनमधील हुकूमशाही कोसळली आणि त्याच वर्षीं ३१ डिसेंबरला झालेल्या तहानें पोर्तुगालनेंहि भारताचें सार्वभौमत्व मान्य केलें.

परंतु या साऱ्या व्यवस्थेंत आपला मूळ प्रश्न अनुत्तरितच राहिला होता. गोव्याच्या लोकांना अद्याप कोणीं विचारलें नव्हतें. आरंभीं लष्करी गव्हर्नर, मग नायब राज्यपाल, आणि लोकसभेंत नेमलेले प्रतिनिधि, अशी रचना होती. १९६२ च्या चौदाव्या घटनादुरुस्तीनें २३९-ए हें कलम आलें, १९६३ सालीं केंद्रशासित प्रदेशांचा कायदा झाला, आणि तीस सभासदांचें विधिमंडळ मिळालें : गोव्याचे अठ्ठावीस, दमण व दीव यांचा प्रत्येकीं एक. ९ डिसेंबर १९६३ रोजीं प्रौढ मताधिकारानें पहिली निवडणूक झाली. महाराष्ट्रांत विलीन व्हावें असें म्हणणारा महाराष्ट्रवादी गोमंतक पक्ष सत्तेवर आला व दयानंद ऊर्फ भाऊसाहेब बांदोडकर पहिले मुख्यमंत्री झाले. गोवा वेगळा राहावा असें म्हणणारा युनायटेड गोअन्स पक्ष डॉ. जॅक सिक्वेरा यांच्या नेतृत्वाखालीं विरोधी बांकांवर बसला. नव्या काबिजादी बहुतांशीं पहिल्या पक्षाच्या पाठीशीं होत्या, जुन्या काबिजादींत दुसऱ्याचा जोर होता.

येथें घटनेची एक बाब नीट समजावून घेतली पाहिजे. आपल्या राज्यघटनेच्या तिसऱ्या अनुच्छेदाप्रमाणें राज्यांच्या सीमा बदलण्याचा अधिकार संसदेला आहे, आणि तोहि साध्या बहुमतानें. राज्य असेल तर त्याच्या विधिमंडळाचें मत मागवावें लागतें. तें मानलेंच पाहिजे असें नाहीं. लोकांचें प्रत्यक्ष मत घ्यावें अशी तरतूद तर घटनेंत कोठेंच नाहीं. संसदेनें मनांत आणलें असतें, तर एका दुपारीं गोवा महाराष्ट्राला जोडला गेला असता. बांदोडकरांचें बहुमतहि त्यास अनुकूल होतें, आणि महाराष्ट्रांतील सर्व प्रमुख पक्षांची तशीच इच्छा होती. असें असतांना दिल्लीनें तें केलें नाहीं. १९६६ च्या डिसेंबरांत 'जनमत कौल' घेण्याचा खास कायदा संसदेनें केला. संसदेनें खास कायदा करून सामिलीकरणाच्या प्रश्नावर असा कौल घेतल्याचें दुसरें उदाहरण आपल्या घटनात्मक इतिहासांत नाहीं. मतदान निःपक्षपातीपणें व्हावें म्हणून बांदोडकरांच्या मंत्रिमंडळानें राजीनामा दिला व राष्ट्रपतींची राजवट आली.

कौल हा शब्द आपल्या कोंकणांतला. देवाला फूल किंवा कळा लावून, तो उजवा पडतो कीं डावा हें पाहून निर्णय घ्यावयाची आपल्याकडे चाल आहे. योगायोग असा कीं, या कौलांतहि खुणा फुलापानांच्याच होत्या : महाराष्ट्रांत विलीन होण्यासाठीं फूल, आणि केंद्रशासित राहण्यासाठीं दोन पानें. प्रचार मोठ्या हिरीरीनें झाला. मराठींतील वृत्तपत्रें, गाणीं व व्याख्यानें दोन्ही बाजूंना होतीं. मडगांवचें 'राष्ट्रमत' हें दैनिक मराठींत निघत असूनहि विलीनीकरणाच्या विरुद्ध लढत होतें, ही गोष्ट आपण मुद्दाम ध्यानांत ठेवण्यासारखी आहे. मराठीवर प्रेम असणें आणि महाराष्ट्राचा जिल्हा होणें या दोन गोष्टी एक नव्हेत, असें मराठींतूनच सांगणारे लोक तेथें होते.

१६ जानेवारी १९६७ रोजीं मतदान झालें. गोव्यांतील ३,८८,४३२ मतदारांपैकीं ३,१७,६३३ जणांनीं, म्हणजे शेंकडा ८१ हून अधिक लोकांनीं, मत दिलें. विलीनीकरणाला १,३८,१७० मतें पडलीं, विरुद्ध १,७२,१९१. चौतीस हजार एकवीस मतांच्या फरकानें गोवा वेगळा राहिला. दमण-दीवलाहि गुजराथेंत जावयाचें काय, असा प्रश्न विचारण्यांत आला होता. त्यांनींहि केंद्रशासित राहणेंच पसंत केलें.

या निकालानंतर जें घडलें तें निकालाइतकेंच महत्त्वाचें आहे. दोनच महिन्यांनीं विधिमंडळाची निवडणूक झाली आणि त्याच मतदारांनीं पुनः बांदोडकरांनाच सत्तेवर बसविलें! ज्यांनीं फूल नाकारलें त्यांतील कित्येकांनीं फुलाच्या पुढाऱ्याला मात्र नाकारलें नाहीं. शाळा काढणारा, कुळांच्या बाजूचा मुख्यमंत्री त्यांना हवा होता. त्याचें विलीनीकरण नको होतें. सामान्य निवडणुकींत पक्ष, पुढारी व प्रश्न यांची जी भेसळ होते, ती कौलानें निवडून वेगळी केली. १९६३ च्या निवडणुकीचा अर्थ 'विलीनीकरणाला संमति' असा लावून तें उरकलें असतें, तर तो अर्थ चुकीचा ठरला असता, आणि ती चूक दुरुस्त करण्यास पुढें कोणताच मार्ग उरला नसता. महाराष्ट्रांत, आणि विशेषतः सीमेलगतच्या आपल्या भागांत, अनेकांना हा निकाल लागला, यांत शंका नाहीं. पण तो मानला गेला. कौल मागणें सोपें असतें. आपल्या मनाविरुद्ध पडलेला कौल मानणें कठीण.

अल्जीरियाशीं याची तुलना करून पाहूं. तेथेंहि १ जुलै १९६२ रोजीं लोकांचा कौल घेण्यांत आला व प्रचंड बहुमतानें स्वातंत्र्य आलें. त्याच वर्षीं ३१ डिसेंबरला नव्या राज्यानें कायदा केला कीं, राष्ट्राच्या सार्वभौमत्वाला विरोधी नसलेले फ्रेंच कायदे चालू राहावे. म्हणजे आपल्या १९६२ च्या पांचव्या कलमाचेंच हें भावंड. १९६३ च्या सप्टेंबरांत अल्जीरियाला राज्यघटनाहि मिळाली. परंतु एकाच पक्षाला वाव देणारी ती घटना लवकरच निरुपयोगी झाली. १९६५ च्या जूनमध्यें लष्करानें सत्ता घेतली आणि पुढची घटना येण्यास १९७६ साल उजाडलें. स्वातंत्र्य मागतांना विचारलेल्या लोकांना, स्वातंत्र्य मिळाल्यावर मतभेद दाखविण्याची सोय राहिली नाहीं. गोव्यांत अगदीं त्याच वर्षांत दोन विरोधी पक्ष समोरासमोर बसत होते आणि एका प्रश्नासाठीं मंत्रिमंडळ पायउतार होत होतें. भारताची घटना गोव्याच्या लोकांनीं लिहिलेली नव्हती. तिनें त्यांना 'नाहीं' म्हणण्याची जागा दिली, म्हणून ती त्यांची झाली.

कौलानें सारें मिटलें असें मात्र नव्हे. केंद्रशासित प्रदेश म्हणून गोव्याला आणखी वीस वर्षें काढावीं लागलीं. भाषेचा वाद १९८६ सालीं इतका पेटला कीं त्यांत माणसें दगावलीं. १९८७ च्या फेब्रुवारींत राजभाषेचा कायदा झाला : देवनागरी लिपींतील कोंकणी ही राजभाषा, आणि सरकारी कामकाजांत मराठीच्या वापरालाहि मुभा. त्याच वर्षीं ३० मे रोजीं छप्पन्नाव्या घटनादुरुस्तीच्या आधारें गोवा भारताचें पंचविसावें राज्य झालें, व दमण-दीव वेगळे निघाले. घटनेच्या ३७१-आय या अनुच्छेदानें गोव्याचें विधिमंडळ तीसपेक्षां कमी सभासदांचें नसावें असें ठरलें. प्रत्यक्षांत तें चाळिसांचें आहे. १९९२ सालीं एकाहत्तराव्या घटनादुरुस्तीनें कोंकणीला आठव्या परिशिष्टांत स्थान मिळालें.

आतां या इतिहासाचा जो भाग आपल्या घरापर्यंत येतो, त्याकडे वळूं. १८६७ चा पोर्तुगीज नागरी कायदा १८७० पासून गोव्यांत लागू झाला. हिंदूंच्या कांहीं रूढींसाठीं १८८० सालीं वेगळी नियमावली आली. पोर्तुगालनें स्वतः १९६७ पासून नवा नागरी कायदा स्वीकारला. पण त्या जुन्या कायद्याचा कुटुंबविषयक भाग पांचव्या कलमाच्या आधारें गोव्यांत टिकून राहिला. वारसाविषयींचा भाग गोव्याच्या विधिमंडळानें २०१२ सालीं केलेल्या आपल्या कायद्यांत नव्यानें रचला, व तो २०१६ च्या अखेरीपासून अंमलांत आला. या व्यवस्थेंत विवाहाची सरकारी नोंद अवश्य असते. विवाहापूर्वीं निराळा करार केला नसल्यास पतिपत्नींची मालमत्ता सामाईक धरली जाते. मुलगा व मुलगी यांचा वांटा समान असतो. आणि मृत्युपत्र करणाऱ्याला संपत्तीच्या अर्ध्याच भागाची मनाप्रमाणें विल्हेवाट लावतां येते, उरलेला अर्धा मुलांसाठीं राखीव असतो. रत्नागिरीहून गोव्यांत मुलगी देणाऱ्या पालकांना हें ठाऊक असणें बरें.

२०१९ सालीं सर्वोच्च न्यायालयापुढें असा वाद आला कीं, गोव्याचा कायम रहिवासी असलेल्या माणसाची मुंबईंत मालमत्ता असेल, तर तिचा वारसा कोणत्या कायद्यानें ठरावयाचा? न्यायालयानें सांगितलें कीं, गोव्याचा कायदा त्या मालमत्तेलाहि लागू आहे. कारण हा कायदा पोर्तुगीजांचा म्हणून चालत नाहीं. भारताच्या संसदेनें १९६२ सालीं तो राखला, म्हणून तो भारताचाच कायदा आहे. तेव्हां ज्यांचे सोयरे गोव्यांत आहेत आणि खोल्या मुंबईंत आहेत, अशा घरांनीं मृत्युपत्र लिहितांना जाणत्या वकिलाचा सल्ला जरूर घ्यावा.

या निवाड्यांत आपल्या साऱ्या विवेचनाचें सार आलें आहे. कायदा मूळ कोणीं लिहिला यापेक्षां आज तो कोण राखतो, आणि त्याला तो बदलण्याची मोकळीक आहे कीं नाहीं, हें पाहावयाचें असतें. 'सागरापारचा प्रांत' हें नांव लिस्बननें एकतर्फी दिलें; तें दहा वर्षांत पुसलें गेलें. जुना नागरी कायदाहि लिस्बनचाच. पण गोव्याच्या लोकांनीं तो स्वतंत्रपणें राखला, सुधारला, आणि तो टिकला.

जातां जातां एका गोष्टीकडे श्रोत्यांचें लक्ष वेधतों. २६ जानेवारी २०२० रोजीं दमण-दीव आणि दादरा-नगरहवेली हे दोन केंद्रशासित प्रदेश संसदेच्या साध्या कायद्यानें एकत्र करण्यांत आले. त्यांत घटनेविरुद्ध कांहींहि नव्हतें. तिसऱ्या अनुच्छेदानें तो अधिकार दिलेलाच आहे. पण त्याच दमण-दीवला १९६७ सालीं गुजराथेंत जाण्याविषयीं विचारलें होतें, आणि २०२० सालीं मात्र विचारण्याची गरज कोणाला भासली नाहीं. म्हणजे १९६७ चा कौल हा घटनेनें घातलेला दंडक नव्हता. तो त्या वेळच्या राज्यकर्त्यांनीं आपणहून पाळलेला संयम होता. घटनेच्या कलमांत जें लिहिलेलें नाहीं, तें पाळावयाचें कीं नाहीं हें ज्या त्या पिढीला पुनः ठरवावें लागतें, आणि तें ठरवितांना आपल्या शेजारच्या या लहानशा राज्याचा अनुभव आपल्याला उपयोगी पडण्यासारखा आहे.